त्रिशंकू पाहायला येताना
सड्यावरच्या आकाशदर्शनाला येणाऱ्या पाहुण्यांसाठी माहितीपत्रक

एप्रिल-मे महिन्यांत रत्नागिरीच्या सड्यावर, म्हणजे उघड्या कातळाच्या पठारावर, आमच्याबरोबर येणाऱ्यांचा, त्यातही सुट्टीला गावी आलेल्या चाकरमान्यांच्या मुलांचा, पहिला प्रश्न ठरलेला असतो: "विश्वामित्रांनी केलेला तारा दाखवणार ना?" दाखवणार. पण वर येण्याआधी हे दोन मिनिटं वाचाल, तर जे दिसेल त्याची गोडी वाढेल.

गोष्ट वाल्मीकी रामायणाच्या बालकांडातली. इक्ष्वाकू कुळातल्या त्रिशंकू राजाला सदेह स्वर्गात जायचं होतं. कुलगुरू वसिष्ठ म्हणाले, हे होणे नाही. वसिष्ठांच्या मुलांनी तर राजाला चांडाळ होण्याचा शाप दिला. मग तो विश्वामित्रांकडे गेला. वसिष्ठांशी हार पत्करून ते तेव्हा दक्षिण दिशेला तप करत होते. त्यांनी यज्ञ मांडला, पण हविर्भाग घ्यायला देव आलेच नाहीत. तेव्हा त्यांनी स्वतःच्या तपाच्या बळावर राजाला वर पाठवलं. इंद्राने त्याला परत ढकललं आणि तो खाली डोकं वर पाय अशा अवस्थेत कोसळू लागला. विश्वामित्रांनी त्याला "थांब!" म्हणून अधांतरी रोखलं आणि दक्षिणेला दुसरे सप्तर्षी आणि नवी नक्षत्रमाला घडवली. आता ते दुसरा इंद्रही करणार, असं दिसताच देव घाबरून तडजोडीला आले. ठरलं ते असं: नवे तारे राहतील, पण वैश्वानराच्या मार्गाबाहेर, आणि त्यांच्यामध्ये त्रिशंकू उलटाच, पण देवासारखा तळपत राहील.

आपण 'त्रिशंकू विधानसभा' म्हणतो ते या लटकण्यावरूनच. म्हणताना त्याचं तळपणं मात्र विसरतो, याचं आम्हाला वाईट वाटतं.

आता आकाशाकडे वळू. आपल्याकडे ज्याला त्रिशंकू म्हणतात तो एकटा तारा नसून चार ठळक ताऱ्यांचा समूह आहे, आणि पाचवा मंद तारा कुशीत आहे. आकाशाच्या ८८ अधिकृत तारकासमूहांत हा सर्वांत लहान. तो मध्यावर, म्हणजे बरोबर दक्षिणेला आणि सर्वांत उंच, येतो तेव्हा क्रूसासारखा उभा दिसतो. सर्वांत तेजस्वी तारा तळाशी असतो. आम्ही त्यालाच राजाचं डोकं मानतो. वरचा तांबूस तारा, म्हणजे त्याचे पाय, सुमारे ८८ प्रकाशवर्षांवर आहे, तर डोकं सुमारे ३२० प्रकाशवर्षांवर. एका अंगाचे अवयव म्हणून आपण ज्यांना जोडतो, ते तारे खरे तर एकमेकांपासून इतके लांब आहेत.

वैश्वानराच्या मार्गाबाहेर म्हणजे कुठे? आम्ही त्याचा अर्थ असा लावतो: सूर्य-चंद्राच्या वाटेच्या बाहेर. अश्विनी ते रेवती ही सत्तावीस नक्षत्रं त्या वाटेवर आहेत, त्रिशंकू त्यांत नाही. चित्रा किंवा हस्ताजवळ चंद्र दर महिन्याला येतो, त्रिशंकूजवळ कधीच येत नाही.

शोधायची सोपी खूण हस्ताची. दक्षिणेला तोंड करून बसा, उंचावरचा हस्ताचा छोटा चौकोन धरा आणि सरळ खाली या. क्षितिजाच्या थोडं वर त्रिशंकू, आणि त्याच्या डावीकडे नरतुरंग तारकासमूहातले मित्र आणि मित्रक हे दोन झगझगीत तारे. हे दोघे सोबत नसतील, तर तुम्ही भलत्याच क्रूसाकडे बघताय. सुमारे साडेतीन तास आधी, अगस्ती ताऱ्याच्या पूर्वेला, असाच पण मोठा आणि फिकट चौकोन मध्यावर येतो आणि दरवर्षी पुष्कळांना फसवतो.

डोक्यावर काही दिसेल अशी अपेक्षा ठेवू नका. हात पुढे ताणून मूठ धरली की साधारण १० अंश होतात. रत्नागिरीहून तळाचा तारा क्षितिजापासून एवढाच वर येतो. मुंबईत सुमारे ८, नागपुरात जेमतेम ६, पणजीत ११ अंश. दिल्लीला तो उगवतच नाही. म्हणून तर आम्ही दक्षिण मोकळी असलेला सडा निवडतो. दोन हजार वर्षांपूर्वी, पृथ्वीच्या आसाच्या संथ फिरण्यामुळे, हे तारे आजच्यापेक्षा सुमारे १० अंश उत्तरेकडे होते आणि गंगेच्या काठावरूनही नीट दिसत.

आमच्या मते या रात्रीचं खरं मोल पुढच्या गोष्टीत आहे. त्रिशंकू दक्षिणेला उभा असतो, त्याच सुमारास उत्तरेला सप्तर्षी उंच चढलेले असतात, आणि त्यांत शेजारी अरुंधती घेऊन वसिष्ठ. "होणे नाही" म्हणणारे आणि ज्याच्यासाठी ते झालं तो, असे समोरासमोर. तुमचं कोणी मेलबर्नला असेल तर त्यांना फोनवर सांगा: त्यांच्याकडे त्रिशंकू कधी मावळत नाही, पण वसिष्ठ कधी उगवत नाहीत. दोघांनाही एका बैठकीत पाहण्याची सोय आपल्या अक्षांशावर आहे. विश्वामित्रांच्या त्या आकाशाला ध्रुवतारा मात्र लाभला नाही. क्रूसाचा लांब दांडा तळाकडे साडेचार पट वाढवला की दक्षिण ध्रुवबिंदू येतो. आपल्याकडून तो क्षितिजाखाली असतो, आणि तिथे ठळक तारा कुठलाच नाही.

वेळा: एप्रिलअखेर रात्री साडेदहाच्या सुमारास, मेच्या तिसऱ्या आठवड्यात नऊच्या सुमारास त्रिशंकू मध्यावर असतो. त्याआधी तासभर वर पोचू. अमावास्येच्या आगेमागचे दिवसच घेतो. मेअखेर दक्षिणेला ढग दाटू लागतात, तेव्हा शक्यतो लवकरची तारीख सांगा. सतरंज्या आमच्याकडे आहेत. कातळ दिवसभर तापलेला असतो, पाणी भरपूर आणा, पायात बूट घाला. मोबाइलचा दिवा खिशात ठेवा. डोळ्यांना अंधाराची सवय व्हायला वीसेक मिनिटं लागतात आणि एका झगमगाटात ती जाते. आजी-आजोबांना जरूर आणा. खुर्च्या आम्ही नेऊ, आणि गोष्ट त्यांच्याच तोंडून ऐकू.