चहाला बोलावलेलं दुःख

दुखवट्याच्या घरी कसं वागायचं हे आपल्याला कुणी मुद्दाम शिकवत नाही, तरी येतं. फार बोलायचं नाही, निघताना ‘येतो’ म्हणायचं नाही. ब्रिटिश नाटककार ॲलन एकबॉर्नच्या ‘ॲब्सेंट फ्रेंड्स’ या नाटकातल्या मंडळींपाशी असला रिवाजच उरलेला नाही. कॉलिन या जुन्या मित्राची होणारी बायको, कॅरल, समुद्रात बुडून गेली. तिला यांच्यापैकी कुणी पाहिलेलंही नाही आणि कॉलिनचीही बऱ्याच दिवसांत गाठ नाही. मग करायचं काय? शनिवारी दुपारी त्याला चहाला बोलवायचं, सँडविच करायची. एवढ्यावर दोन अंकी विनोदी नाटक उभं राहिलं. प्रयोग पहिल्यांदा झाला जून 1974 मध्ये, स्कारबरो या इंग्लंडमधल्या समुद्रकाठच्या गावी.

ब्रिटिश रंगभूमीवर दिवाणखाना हा तोवर जरा बदनाम झालेला होता. दुसऱ्या महायुद्धाच्या आगेमागे लंडनचं व्यावसायिक नाटक म्हणजे बागेत उघडणारं काचेचं दार, सोफा आणि सुस्थितीतली माणसं. 1956 मध्ये जॉन ऑस्बर्नचं ‘लुक बॅक इन अँगर’ आलं आणि त्या दिवाणखान्याच्या जागी पोटमाळ्यावरची खोली आली, इस्त्रीचं टेबल आलं. एकबॉर्नने दिवाणखाना परत आणला, पण मालक बदलून. आता तिथे राहणारी माणसं उपनगरातली होती: दोन महायुद्धांच्या मधल्या काळात ब्रिटनमध्ये सुमारे 40 लाख नवी घरं बांधली गेली, त्यातली पुष्कळशी शहरांच्या कडेला. अशा वस्तीत वाढलेली, धंद्यात चार पैसे मिळवलेली पिढी. शेजार आहे, गाडी आहे. मैत्री मात्र कधीतरी नवऱ्यांच्या धंद्यातल्या लागेबांध्यांवर येऊन टेकलेली.

स्कारबरोची ती जागाही या नाटकाच्या घडणीत आहे. स्टीफन जोसेफने 1955 मध्ये तिथल्या सार्वजनिक वाचनालयातल्या एका दालनात छोटं थिएटर सुरू केलं. प्रेक्षक चारी बाजूंनी, मध्ये नट. एकबॉर्न तिथे आला तो रंगमंच व्यवस्था बघायला आणि नट म्हणून. मिळालेल्या भूमिकेबद्दल कुरकुर केली तेव्हा, चांगली हवी असेल तर स्वतःच लिही, असं जोसेफने सुनावलं. 1959 च्या ‘द स्क्वेअर कॅट’पासून तो लिहू लागला आणि 1972 पासून ते थिएटरच चालवू लागला. चारी बाजूंनी प्रेक्षक म्हटल्यावर भिंती उभारता येत नाहीत. खुर्च्या, चहाचं टेबल आणि माणसं, एवढंच हाताशी राहतं. प्रेक्षागृहाकडे तोंड करून वाक्यावर टाळी वसूल करायची सोयही जाते, कारण कुणाकडे तरी नटाची पाठ असतेच.

‘ॲब्सेंट फ्रेंड्स’च्या आदल्याच वर्षी एकबॉर्नने ‘द नॉर्मन कॉन्क्वेस्ट्स’ लिहिलं होतं: एकाच शनिवार-रविवारची, घराच्या तीन जागांतून दिसणारी तीन नाटकं. त्या सगळ्या कारागिरीनंतर त्याने इथे एकच खोली घेतली आणि रंगमंचावरचा वेळ प्रेक्षकांच्या घड्याळाला बांधला. ‘इकडे काही तास गेले’ म्हणून अंधार करायची मुभा नाही. अवघडलेली शांतता पसरली की ती पुरी सोसावी लागते, त्यांनाही आणि आपल्यालाही. मला तर हीच या नाटकातली सर्वांत धाडसी गोष्ट वाटते.

गंमत अशी, की येतो तो कॉलिन अगदी आनंदात. कॅरलच्या फोटोंचा अल्बम बरोबर. मित्रांच्या संसारांचं त्याला भारी कौतुक, कारण त्याच्या आठवणीत ते सगळे लग्नाआधीचेच आहेत. चहाला बोलावणारं जोडपं म्हणजे पॉल आणि डायना. लग्नाआधी पॉलने डायनाची आठवण म्हणून एकदा तिचा नॅपकिन लपवून ठेवला होता, हे तो मोठ्या कौतुकाने सांगतो. आणि पॉल त्या नॅपकिनने गाडी पुसतो, असं निघतं. डायना शेवटी सायीचा जग नवऱ्याच्या डोक्यावर रिकामा करते. प्रेक्षक हसतो, आणि हसता हसता ही बाई आता मोडणार हेही त्याला कळत असतं.

लंडनला हे नाटक जुलै 1975 मध्ये गॅरिक थिएटरला लागलं, दिग्दर्शक एरिक थॉम्पसन. कॉलिन होता रिचर्ड ब्रायर्स. त्याच वर्षी बीबीसीच्या ‘द गुड लाइफ’ या मालिकेतून तो घरोघरी पोचलेला, तिथेही सर्बिटनचा उपनगरवासी म्हणूनच. त्याचा हसरा, निरागस चेहरा कॉलिनला फार उपयोगी.

नाव ‘ॲब्सेंट फ्रेंड्स’ हे इंग्रजी मेजवानीत प्याला उंचावून म्हणायचे शब्द आहेत, जे आज इथे नाहीत त्यांच्यासाठी. नाटकात कॅरल नाही. चहाला आलेल्या मार्जचा आजारी नवरा गॉर्डनही नाही. तो घरी अंथरुणात, दर थोड्या वेळाने फोन करणारा. बाकीचे समोर बसलेले आहेत, आणि कॉलिनला आठवणारे मित्र त्यांच्यात कुठेच नाहीत.