फिलिप्सच्या रेकॉर्डिंगवर आता डेक्का का छापलेलं असतं

जुन्या वेस्टर्न क्लासिकल एलपी जमवणाऱ्यांना हा प्रश्न कधी ना कधी पडतोच. सत्तरच्या दशकातली एलपी हातात घेतली की त्यावर फिलिप्सचं नाव आणि ती ढाल, ढालीत तारे आणि लाटा. तेच रेकॉर्डिंग आज स्ट्रीमिंगवर शोधलं तर कव्हरवर निळा-लाल डेक्का.

गंमत म्हणजे गोष्ट सुरूच डेक्कापासून होते. ब्रिटिश डेक्काच्या रेकॉर्ड नेदरलँड्समध्ये विकायला १९२९ मध्ये एक डच कंपनी निघाली, ती दुसऱ्या महायुद्धाच्या काळात आइंडहोवनच्या बल्ब-रेडिओवाल्यांनी, म्हणजे फिलिप्सने, विकत घेतली आणि १९५० मध्ये त्यातूनच त्यांचा स्वतःचा रेकॉर्डचा धंदा उभा राहिला, मुख्य ऑफिस नेदरलँड्समधल्याच बार्न गावात. पुढे त्यांचंच फोंटाना हे दुसरं लेबल (रेकॉर्डवर छापायचं ब्रँडचं नाव) आलं, १९६९ मध्ये इंग्लंडच्या शाखेने रॉकसाठी व्हर्टिगो हे लेबल काढलं, आणि त्याआधी १९६३ मध्ये एका बेल्जियन ननने गिटारवर गायलेलं ‘डॉमिनिक’ थेट अमेरिकेत पहिल्या नंबरवर गेलं. क्लासिकलमध्ये आम्सटरडॅमच्या कॉन्सर्टगेबाऊ वाद्यवृंदाची माहलर आणि ब्रुकनर या संगीतकारांची रेकॉर्डिंग, ती तर आजही मी सगळ्यात आधी काढून ऐकतो.

आता खरा गुंता. फिलिप्स म्हणजे तीन वेगळ्या गोष्टी: टीव्ही-ट्यूबलाइट बनवणारी मूळ कंपनी, तिची रेकॉर्ड कंपनी आणि रेकॉर्डवर छापलेलं लेबल. रेकॉर्ड कंपनीने १९६२ मध्ये जर्मन कंपनीशी निम्म्या-निम्म्या भागीदारीत हात मिळवला, १९७२ मध्ये त्याचं पॉलिग्राम झालं, १९८० मध्ये पॉलिग्रामने डेक्काच विकत घेतलं. म्हणजे एका छताखाली फिलिप्स आणि डेक्का दोन्ही लेबलं, दोघांच्या टीम वेगळ्या, आवाजाची घडण वेगळी. ऑगस्ट १९८२ मध्ये हॅनोव्हरजवळ पहिल्या सीडी छापल्या गेल्या त्याही पॉलिग्रामच्याच कारखान्यात. मग १९९८ मध्ये मूळ कंपनीने पॉलिग्राम एका कॅनेडियन दारू कंपनीला दहा अब्ज डॉलरच्या वर किमतीला विकली. रेकॉर्डिंगच्या मूळ टेप गेल्या, कलाकारांचे करार गेले, पण ‘फिलिप्स’ हे नाव मूळ कंपनीचंच राहिलं, नव्या मालकाला ते परवान्यावरच वापरायला मिळालं. काही वर्षं तसं चाललं, मग नाव उतरलं आणि जुना सगळा कॅटलॉग डेक्काच्या नावाने यायला लागला.

कायद्याने बरोबर असेल, पण ऐकणाऱ्याच्या दृष्टीने हे चूकच झालं असं मला वाटतं. १९८८ नंतर डेक्कानेही त्याच आम्सटरडॅमच्या वाद्यवृंदाची रेकॉर्डिंग केली, त्यामुळे आता नुसतं कव्हर बघून कुठलं कुणी केलं ते नव्या माणसाला कळतच नाही, आणि फिलिप्ससाठी माइक लावणाऱ्या, टेप कापणाऱ्या माणसांची ओळखही त्या नावाबरोबर गेली. १९९१ मध्ये मोझार्टच्या दोनशेव्या स्मृतिवर्षासाठी फिलिप्सने १८० सीडींचा संच काढला होता. इतकं मोठं काम ज्या नावाने झालं ते नाव निदान आतल्या पुस्तिकेत तरी ठळक छापायला हवं.

तोपर्यंत उपाय एकच, रेकॉर्डिंगचं साल आणि ते जिथे झालं तो हॉल बघायचा. हॉल आम्सटरडॅमचा, वाद्यवृंद तिथलाच आणि साल साठ-सत्तरच्या दशकातलं असेल तर टेप बहुतेक बार्नवाल्यांची, म्हणजे फिलिप्सची.