घोट्याचं हाड नक्की कुठलं?

घोट्याचं हाड दाखवा म्हटलं की कुणीही खाली वाकून पायाच्या बाजूला जो टणक उंचवटा असतो त्यावर बोट ठेवतं. पाय मुरगळला की पण तेच, सूज आलेल्या त्या उंचवट्याकडे बघून "हाड सरकलंय" असा निकाल लागतो, मग कुणीतरी पाऊल धरून ओढतो, पिळतो, कट्कन आवाज येतो आणि हाड "बसलं" म्हणून सगळे खूश. असल्या व्हिडिओंना लाखो लाइक्स बघून राहवलं नाही म्हणून हे लिहितोय, कारण तो उंचवटा म्हणजे घोट्याचं हाड नाहीच, आणि खरं जे हाड आहे ते असं सरकलं तर माणूस व्हिडिओ काढायच्या अवस्थेत राहणार नाही.

आधी एक गोष्ट स्वतःच्या पायावर करून बघा. खुर्चीत बसून एक पाय दुसऱ्या मांडीवर आडवा घ्या, अंगठा आतल्या उंचवट्यावर आणि मधलं बोट बाहेरच्या उंचवट्यावर ठेवून घोटा चिमटीत पकडा. आता पाऊल वर-खाली हलवा. पाऊल हलतं, पण चिमटीतले दोन्ही उंचवटे जागच्या जागी राहतात. म्हणजे ते पावलाचे नाहीतच, ते वरच्या पायाचे आहेत. आतला उंचवटा हा नडगीच्या जाड हाडाचं, म्हणजे टिबियाचं खालचं टोक, आणि बाहेरचा हा टिबियाच्या शेजारून उतरणाऱ्या सडपातळ फिब्युलाचं टोक. डॉक्टर या टोकांना मॅलिओलस म्हणतात, आतला मीडियल, बाहेरचा लॅटरल. एक्सरेच्या रिपोर्टमध्ये "लॅटरल मॅलिओलसला फ्रॅक्चर" असं लिहिलेलं असतं तेव्हा बऱ्याच जणांना वाटतं की घोट्यातलं मॅलिओलस नावाचं एखादं छोटं हाड मोडलंय, पण मोडलेलं असतं ते फिब्युला, खालच्या टोकाला. टिबियाच्या मागच्या काठाला पण पोस्टिरिअर मॅलिओलस म्हणतात, तो बाहेरून हाताला लागत नाही, आणि तिन्ही मोडले तर रिपोर्टमध्ये ट्रायमॅलिओलर असा भारदस्त शब्द येतो.

आता चिमटी सोडा आणि बोट बाहेरच्या उंचवट्याच्या जरा पुढे, पावलाच्या वरच्या बाजूला जो खळगा असतो तिथे ठेवा. पावलाची बोटं खाली आणि आत वळवा. खळग्यातून एक गोल टणक काहीतरी वर येईल, पाऊल परत वर ओढलं की ते आत गडप होईल. हे खरं घोट्याचं हाड. टॅलस.

आपल्याकडे जुन्या ग्रंथांत सुद्धा ही जागा नीट ओळखलेली होती. अमरकोशात घुटिका आणि गुल्फ हे शब्द एकाच ओळीत येतात आणि सुश्रुताने १०७ मर्मांमध्ये (शरीरातल्या नाजूक जागांमध्ये) गुल्फ मर्म सांगितलंय, पाऊल आणि जंघा (म्हणजे इथे गुडघ्याखालचा पाय) जिथे जुळतात ती जागा, आणि तिथे इजा झाली तर वेदना होते, पाऊल ताठरतं किंवा माणूस लंगडतो असं म्हटलंय. म्हणजे गुल्फ हा जोड आहे, नुसता उंचवटा नाही. मराठीत आपण "घोटा" या एकाच शब्दात उंचवटा, सांधा आणि आजूबाजूचं सगळंच कोंबतो, बोलताना त्याने काही बिघडत नाही, पण दुखतंय नक्की कुठे हे सांगायची वेळ आली की गोंधळ होतो.

टॅलस हे माझं शरीरातलं सगळ्यात आवडतं हाड आहे आणि त्याला कारण आहे. आपल्या पावलात २६ हाडं असतात, त्यातली मागची ७ टार्सल हाडं, आणि त्यात टाचेच्या हाडानंतर मोठं हे टॅलस. याची गंमत म्हणजे याला एकही स्नायू चिकटलेला नाही. पोटरीतून पावलात जाणारे डझनभर स्नायू आहेत, त्यांचे दोरखंड म्हणजे टेंडन याच्या पुढून, मागून, बाजूने जातात, अंगठा वाकवणारं टेंडन तर याच्या मागच्या खाचेतून घसरत जातं, पण याला धरून कुणीच नाही. मग हे हाड हलतं कसं आणि जागेवर राहतं कसं? वरून टिबिया, खालून टाच, पुढून नॅव्हिक्युलर नावाचं हाड आणि दोन्ही बाजूंनी मॅलिओलस यांच्यामध्ये दाबलेलं असतं म्हणून. बाकीची हाडं हलतात, हे मधल्यामध्ये ढकललं जातं. ते टिकतं ते स्वतःच्या आकारावर आणि भोवतीच्या लिगामेंटवर, म्हणजे हाडाला हाड बांधणाऱ्या पट्ट्यांवर.

तो आकार कसा आहे बघा. वरून टॅलसचा माथा गोलसर घुमटासारखा, त्यावर गुळगुळीत कूर्चा म्हणजे कार्टिलेज, आणि हा माथा पुढे रुंद आणि मागे अरुंद आहे. फरक फक्त काही मिलिमीटरचा, पण सगळी जादू त्यातच आहे. दोन मॅलिओलस आणि वरची टिबिया मिळून एक खाच बनते आणि हा माथा त्या खाचेत बसतो. तुम्ही पाऊल वर ओढलं, म्हणजे बोटं नडगीकडे आणली, की माथ्याचा रुंद भाग खाचेत शिरतो आणि सुताराने पाचर ठोकावी तसा घट्ट बसतो. इतका घट्ट की फिब्युलाला मिलिमीटरभर बाहेर सरकून जागा करून द्यावी लागते, म्हणून टिबिया आणि फिब्युला एकमेकांना पक्क्या हाडासारख्या जोडलेल्या नसून मजबूत पण जराशा ताणल्या जाणाऱ्या लिगामेंटनी बांधलेल्या आहेत. उलट बोटं खाली केली की माथ्याचा मागचा अरुंद भाग खाचेत येतो, बाजूला फट राहते आणि सांधा सैल होतो. पाऊल वर साधारण २० अंश जातं आणि खाली ४०-५० अंश, म्हणजे सैल बाजूलाच हालचाल जास्त आहे.

आता पाय मुरगळतो कधी ते आठवा. जिना उतरताना शेवटची पायरी हुकली, उडी मारून खाली येताना पावलाची पुढची बाजू आधी टेकली, उंच टाचांची चप्पल. सगळीकडे बोटं खाली आहेत! म्हणजे पाचर निघालेली आहे, हाडांचा आधार कमी झालाय आणि सगळा भरवसा लिगामेंटवर. त्यात बाहेरचा मॅलिओलस आतल्यापेक्षा साधारण एक सेंटिमीटर खाली उतरलेला असतो (दोन्ही बोटांनी चाचपून बघा, लगेच कळेल) त्यामुळे पाऊल बाहेर वळायला अडतं, पण आत वळायला मोकळं आहे. आतल्या बाजूला डेल्टॉइड नावाचं पंख्यासारखं रुंद, भक्कम लिगामेंट आहे, बाहेर मात्र तीन सुटे पट्टे, आणि त्यातला पुढचा पट्टा, फिब्युलापासून टॅलसच्या मानेपर्यंत (माथ्याच्या पुढचा निमुळता भाग) जाणारा, सगळ्यात कमजोर. बोटं खाली असताना ताणला जातो तो नेमका हाच. म्हणून मुरगळलेल्या पायात दुखतं ते बहुतेक वेळा बाहेरच्या उंचवट्याच्या जरा पुढे आणि खाली, मगाशी जिथे बोट ठेवलं होतं त्याच खळग्यात. हाड कुठेही सरकलेलं नसतं, पट्टा ताणलेला किंवा फाटलेला असतो.

एक बारीक मुद्दा इथे सांगायलाच हवा नाहीतर मांडणी अर्धवट राहील. टॅलस आणि टिबियाचा सांधा मुख्यतः वर-खाली हालचाल करतो. पाऊल आत-बाहेर कलतं ते टॅलसच्या खालच्या सांध्यात, टॅलस आणि टाचेचं हाड यांच्यामध्ये, त्याला सबटेलर जॉइंट म्हणतात, आणि त्याचा अक्ष सरळ नसून तिरका आहे, टाचेच्या मागून खालून-बाहेरून निघून पुढे वर-आत जाणारा. त्यामुळे पाऊल आत कललं की नडगी पण थोडी स्वतःभोवती फिरते. खडबडीत जमिनीवर पाऊल कुठल्याही कोनात टेकलं तरी वरचा देह सरळ राहू शकतो तो याच दोन सांध्यांच्या जोडीमुळे, आणि दोन्हींच्या मध्ये टॅलस आहे. आपण ज्याला घोटा फिरवणं म्हणतो ते खरं तर दोन मजल्यांवरचं काम आहे.

भाराचं गणित पण बघण्यासारखं आहे. एका पायाच्या चवड्यावर उभे राहिलात असं धरा, वजन ६० किलो. चवडा घोट्याच्या अक्षापासून साधारण १२ सेंटिमीटर पुढे, आणि टाचेला ओढणारं अकिलिस टेंडन साधारण ५ सेंटिमीटर मागे. तोल राखायचा तर तरफेच्या नियमाने टेंडनला ६० गुणिले १२ भागिले ५, म्हणजे १४४ किलोइतकं ओढावं लागतं. जमीन वर ढकलतेय, टेंडन पण वर ओढतंय, आणि या दोन्हींची बेरीज, २०४ किलो, टॅलसच्या माथ्यावर खाली दाबली जाते. नुसतं उभं राहून तिपटीपेक्षा जास्त! चालताना टाच उचलून शरीर पुढे ढकलायच्या क्षणी हा भार वजनाच्या चार-पाच पट जातो, आणि तो पेलणारी जागा गुडघ्यापेक्षा बरीच लहान, कार्टिलेज पण पातळ, जेमतेम एक ते दीड मिलिमीटर. तरी वयोमानाने गुडघा आणि खुबा झिजतो तसा घोटा सहसा झिजत नाही. घोट्याची झीज बहुतेक वेळा जुन्या फ्रॅक्चरनंतर किंवा वारंवार मुरगळल्यानंतर होते, कारण माथा आणि खाच एकमेकांत तंतोतंत बसतात तोपर्यंत भार सगळीकडे वाटला जातो. १९७६ साली रॅमसे आणि हॅमिल्टन यांनी मोजून दाखवलं की टॅलस फक्त १ मिलिमीटर बाहेर सरकलं की टेकणारी जागा ४२ टक्क्यांनी कमी होते. एक मिलिमीटर! म्हणून मॅलिओलस मोडल्यावर सर्जन प्लेट-स्क्रू लावून ती खाच पहिल्यासारखी करायला इतकी धडपड करतात. आणि म्हणूनच "हाड थोडंसं सरकलं होतं, एका झटक्यात बसवलं" हे ऐकलं की चीड येते. कट्कन जो आवाज येतो तो सांध्यातल्या द्रवात दाब कमी झाल्यावर तयार होणाऱ्या वायूच्या पोकळीचा, बोटं मोडल्यावर येतो तोच. पट्टा फाटलेल्या ताज्या दुखापतीत असला झटका दिला तर उरलेले धागे पण जाऊ शकतात. मंतरलेला दोरा, चुंबकाचा पट्टा, तांब्याचं कडं यांनी फाटलेलं लिगामेंट जुळत नाही, ते स्वतःच्या वेळेने जुळतं आणि त्या दिवसांत जे काही बांधलं असेल त्याला श्रेय मिळतं.

टॅलसची दुसरी बाजू रक्ताची. याचा निम्म्याहून जास्त पृष्ठभाग कार्टिलेजने झाकलेला, स्नायू चिकटलेला नाही, मग रक्तवाहिन्या आत शिरणार कुठून? त्या मुख्यतः मानेच्या भागातून, खालच्या बोगद्यातून शिरतात आणि मागे वळून धडाला, म्हणजे माथा ज्यावर आहे त्या मागच्या मोठ्या भागाला, रक्त पुरवतात. मान मोडली की मागचं धड उपाशी मरू शकतं. हा फ्रॅक्चर पहिल्या महायुद्धातल्या वैमानिकांमध्ये इतका दिसला की अँडरसन नावाच्या ब्रिटिश सर्जनने १९१९ मध्ये त्याला "वैमानिकाचा अ‍ॅस्ट्रागॅलस" असं नाव दिलं (अ‍ॅस्ट्रागॅलस हे टॅलसचंच जुनं नाव). विमान आदळताना पाऊल रडरच्या (विमान वळवणाऱ्या शेपटीकडच्या सुकाणूच्या) दांड्यावर असायचं, ते जोरात वर ढकललं जाऊन टॅलसची मान टिबियाच्या काठावर आपटायची. आज हे कारच्या ब्रेक पेडलवर किंवा उंचावरून पडल्यावर होतं.

हाड जगलंय की मेलंय हे ओळखायची खूण फार सुंदर आहे. प्लास्टरमध्ये पाय हलत नाही तेव्हा जिवंत हाडातून रक्तावाटे कॅल्शियम थोडं थोडं निघून जातं आणि सहा ते आठ आठवड्यांनी एक्सरेवर टॅलसच्या माथ्याखाली एक बारीक काळसर रेघ दिसते. याला हॉकिन्स साइन म्हणतात. रेघ दिसली की डॉक्टर खूश, कारण हाड विरळ होतंय म्हणजे तिथे रक्त पोचतंय. मेलेलं हाड मात्र एक्सरेवर छान पांढरं, घट्ट दिसत राहतं, कारण त्यातून कॅल्शियम न्यायला कुणी नाहीच.

मुरगळल्यावर एक्सरे काढायचा की नाही यासाठी पण चांगले नियम आहेत, कॅनडात ओटावाला १९९२ मध्ये इयान स्टील आणि सहकाऱ्यांनी बनवलेले. कुठल्याही मॅलिओलसच्या मागच्या काठावर, टोकापासून ६ सेंटिमीटरपर्यंत, दाबल्यावर हाड दुखत असेल, किंवा दुखापतीनंतर लगेच आणि तपासणीच्या वेळी सुद्धा चार पावलं टाकता येत नसतील, तर एक्सरे हवा. पावलाच्या मध्यभागी दुखत असेल तर करंगळीच्या मागचं हाड आणि नॅव्हिक्युलर पण दाबून बघतात. या नियमांत फ्रॅक्चर सुटायची शक्यता अगदी थोडी आणि एक्सरे जवळपास एक तृतीयांशाने कमी होतात. पण ज्यांच्या पायाची संवेदना मधुमेहामुळे कमी झालीय किंवा जो दारूच्या अंमलाखाली आहे त्याला हे लागू नाही, कारण सगळा नियम "दुखतं का" यावरच उभा आहे.

आणि सूज उतरली म्हणजे काम संपलं असं धरू नका. लिगामेंटमध्ये पाऊल कुठल्या कोनात आहे हे मेंदूला कळवणारे मज्जातंतूंचे शेंडे असतात, पट्टा फाटताना त्यांना पण इजा होते आणि पाऊल कलतंय ही बातमी उशिरा पोचते. एकदा मुरगळलेला पाय परत परत मुरगळतो त्याचं हे एक मोठं कारण. म्हणून फिजिओथेरपिस्ट एका पायावर उभं राहायला लावतात, आधी डोळे उघडे ठेवून, जमायला लागलं की डोळे मिटून, मग मऊ उशीवर. बघणाऱ्याला पोरखेळ वाटतो, पण दुखापत पुन्हा होऊ नये यासाठी जे उपाय तपासले गेलेत त्यात हा अगदी वरच्या रांगेत आहे, आणि सुरुवातीला जवळ भिंत किंवा टेबल असू द्या.