पार्श्वभूमी : नाव पोलिसांचे, वाट आगगाडीची
कॅनडाच्या गवताळ मैदानी मुलखातून, म्हणजे तिथल्या भाषेत प्रेअरीतून, मॅनिटोबा प्रांतातील विनिपेगपासून अल्बर्टातील फोर्ट मॅक्लाउडपर्यंत सुमारे 1,300 किलोमीटर जाणाऱ्या मार्गाला ‘रेड कोट ट्रेल’ म्हणतात. हा एकच एक रस्ता नाही. मॅनिटोबात तो प्रांतिक महामार्ग 2 आहे, सस्कॅचेवानात महामार्ग 13, आणि अल्बर्टात शिरल्यावर 501, 889, 61, 4 आणि 3 अशा क्रमांकांच्या तुकड्यांतून तो पुढे सरकतो. यातला सर्वांत लांब आणि सर्वांत बोलका भाग सस्कॅचेवानचा, सुमारे 675 किलोमीटरचा. पूर्वेला अँटलर आणि रेडव्हर्स, मग कार्लाइल, स्टोटन, वेबर्न, ओगेमा, असिनिबोईया, पाँटेक्स, शॉनाव्हन, ईस्टएन्ड आणि शेवटी सीमेलगतचे कॉन्सल अशी गावे त्यावर लागतात. वाटेत लाल कोटातील घोडेस्वार पोलिसाच्या पाट्या दिसतात आणि 1874 साली पोलिसांची तुकडी ज्या वाटेने गेली तीच ही वाट, असा प्रवाशाचा समज होतो. तो समज अर्धाच खरा आहे.

त्या मोहिमेची हकीकत थोडक्यात अशी. 1870 मध्ये हडसन्स बे कंपनीच्या ताब्यातला अफाट वायव्य प्रदेश कॅनडाला मिळाला, पण तिथे कायदा राबवणारे कोणी नव्हते. अमेरिकेतील मोंटानातून येणारे व्यापारी आदिवासी जमातींना दारू विकून त्यांच्याकडून बायसनची कातडी घेत. ‘नॉर्थ-वेस्ट माउंटेड पोलीस’ स्थापन करण्याचा कायदा 23 मे 1873 रोजी संमत झाला. 1 जून 1873 रोजी सायप्रेस टेकड्यांमध्ये लांडग्यांच्या शिकाऱ्यांनी नाकोडा जमातीच्या वीसहून अधिक माणसांची कत्तल केली. या कत्तलीमुळे पोलीस दल उभे राहिले असे अनेकदा सांगितले जाते, परंतु तारखा पाहिल्या की कायदा आधीचा आहे हे स्पष्ट होते. कत्तलीच्या बातमीने भरतीला वेग आला, एवढेच म्हणता येईल. गणवेशासाठी लाल रंग निवडण्यामागेही हिशेब होता. अमेरिकी घोडदळाचा कोट निळा होता आणि तो आदिवासींच्या मनात वैराशी जोडलेला होता, तर लाल कोट ब्रिटिश सैन्याची ओळख होती.

8 जुलै 1874 रोजी कमिशनर जॉर्ज आर्थर फ्रेंच यांच्या नेतृत्वाखाली ही तुकडी अमेरिकी सीमेजवळच्या फोर्ट डफरिनहून निघाली. पावणेतीनशे माणसे, तीनशेहून अधिक घोडे, बैल, दुभती जनावरे, दोन तोफा, गवत कापायची यंत्रे आणि 114 ‘रेड रिव्हर’ गाड्या असा तो पसारा होता. ही गाडी मेटी समाजाची, म्हणजे युरोपीय आणि आदिवासी अशा मिश्र वंशाच्या लोकांची. दोन मोठी चाके, सगळे काम लाकूड आणि कच्च्या चामड्याचे, लोखंडाचा खिळा नाही. आसाला वंगण घालायची सोय नव्हती, कारण त्यात धूळ चिकटून आस झिजला असता. त्यामुळे गाड्यांचा करकराट मैलभर आधी ऐकू येई. गाड्या टिकल्या, घोडे मात्र टिकले नाहीत. ओंटारियोतून आणलेल्या, ओट्स खाऊन वाढलेल्या घोड्यांना सुके प्रेअरी गवत आणि खारट पाणी मानवेना. वाटेतल्या रोश पर्से या ठिकाणी पोहोचताच फ्रेंच यांना थकलेल्या जनावरांसह एक तुकडी उत्तरेकडे एडमंटनला वळवावी लागली. उरलेले लोक अपुऱ्या नकाशांवर विसंबून पश्चिमेला गेले आणि जिथे फोर्ट व्हूप-अप हा दारूवाल्यांचा किल्ला सापडेल अशी अपेक्षा होती तिथे काहीच नव्हते. अखेरीस मोंटानातील फोर्ट बेंटन येथे जेरी पॉट्स हा वाटाड्या मिळाला. त्याच्या मदतीने सहायक कमिशनर जेम्स मॅक्लाउड ऑक्टोबरमध्ये व्हूप-अपला पोहोचले, तोवर व्यापारी पसार झाले होते.

आता या मोहिमेची वाट आणि आजचा महामार्ग नकाशावर शेजारी ठेवले तर फरक लगेच दिसतो. तुकडी विनिपेगहून नव्हे, तर त्याच्या दक्षिणेला सुमारे शंभर किलोमीटरवर असलेल्या डफरिनहून निघाली आणि सुरुवातीचा बराच काळ सीमा आयोगाने 49 व्या अक्षांशाची, म्हणजे अमेरिका-कॅनडा सीमेची, मोजणी करताना पाडलेल्या चाकोरीने चालली. रोश पर्से महामार्ग 13 वर नाही. पुढे तर तुकडी सायप्रेस टेकड्यांच्या उत्तरेकडून गेली आणि महामार्ग त्यांच्या दक्षिणेकडून जातो. तेव्हा ‘रेड कोट ट्रेल’ हे पर्यटनासाठी दिलेले, बरेचसे ढोबळ नाव आहे. नाव वाईट नाही, पण रस्ता इथेच का आला, असा का वळला आणि आज असा का आहे, याचे उत्तर त्यातून मिळत नाही. ते मिळते जमिनीच्या मोजणीत आणि रेल्वेत.

1872 च्या डोमिनियन लँड्स कायद्याने दहा डॉलर शुल्क भरून, तीन वर्षे राहून जमीन कसणाऱ्या कुटुंबाला 160 एकर देण्याची सोय झाली. त्यासाठी संपूर्ण मैदान सहा-सहा मैलांच्या चौकोनांत, आणि प्रत्येक चौकोन एकेका चौरस मैलाच्या 36 भागांत विभागला गेला. भागांच्या मधून रस्त्यासाठी पट्टी राखलेली असे. सस्कॅचेवानच्या मोठ्या भागात तिची रुंदी एक साखळी, म्हणजे 66 फूट होती. हे माप आपल्याला परके नाही. ब्रिटिश अमदानीत मुंबई इलाख्याच्या जमीन मोजणीत त्याच्या निम्म्या लांबीची, 33 फुटांची साखळी वापरली जात असे. तिचा चौरस म्हणजे एक गुंठा आणि असे 40 गुंठे म्हणजे एकर. एकाच मापाने इथे गुंठेवारी झाली आणि तिथे माणूस पोहोचण्याआधीच रस्त्यांची जागा कागदावर ठरून गेली.

रस्त्याची जागा ठरली तरी वस्ती कुठे होणार हे कॅनेडियन पॅसिफिक रेल्वेने ठरवले. वेबर्नला सू लाइन या रेल्वेमार्गाची गाडी 1893 मध्येच आली होती. तेथून पश्चिमेला अल्बर्टातील लेथब्रिजच्या दिशेने शाखामार्ग टाकण्याचे काम 1910 नंतर जोरात सुरू झाले. असिनिबोईयाला रूळ 1912 मध्ये पोहोचले. शॉनाव्हन 1913 मध्ये गाव झाले आणि वर्षभरात शहराचा दर्जा मिळवून बसले. शेतकऱ्याने घोडागाडीत गहू भरून सकाळी निघावे आणि रात्री घरी परतावे, या हिशेबाने आठ-दहा मैलांवर स्थानके आखली गेली, आणि प्रत्येक स्थानकाशी रुळाला लागून लाकडी एलेव्हेटर, म्हणजे धान्य वर चढवून साठवण्याची उंच कोठारे, उभी राहिली. रेल्वेचा शब्द किती वजनाचा होता याचा नमुना पाँटेक्स. फादर अल्बेर रॉयर यांनी 1908 मध्ये नोत्र-दाम दोव्हेर्न्य नावाची फ्रेंच भाषकांची वसाहत नोटुक्यू ओढ्याच्या उत्तरेला वसवली होती. 1913 मध्ये रूळ ओढ्याच्या दक्षिणेने गेले आणि वसाहत तिथे सरकून स्थानकाशेजारी नव्या नावाने वसली.

महामार्ग 13 या स्थानकांच्या माळेत ओवलेला दोरा आहे. रूळ उतार आणि वळणे पाहून तिरके जात, पण रस्त्याला चौकोनांच्या कडांनीच जाण्याची मुभा होती. म्हणून जुना रस्ता एक मैल पश्चिमेला, मग काटकोनात वळून उत्तरेला किंवा दक्षिणेला, पुन्हा पश्चिमेला, अशा पायऱ्यांनी रेल्वेचा पाठलाग करी. तो मातीचाच होता. ग्रामीण म्युनिसिपालिटीचा कर रोख भरता येत नसे तेव्हा शेतकरी घोड्यांमागे उभा चिरलेला ओंडका जोडून रस्ता सपाट करून देत आणि ती मजुरी करात वळती होई. या भागातल्या चिकणमातीला स्थानिक लोक ‘गम्बो’ म्हणतात. आपल्या काळ्या रानात पावसानंतर चप्पल जशी जड होते, तशी ती चाकावर थरावर थर चढवते.

1930 च्या दशकात दुष्काळ आणि मंदी एकदम आली. हा सगळा पट्टा पॅलिसर त्रिकोणात मोडतो. 1857 ते 1860 या काळात इथे पाहणी करणाऱ्या जॉन पॅलिसर यांनी तो शेतीला अयोग्य इतका कोरडा असल्याचे लिहून ठेवले होते. नंतरच्या पावसाळी वर्षांत ते मत मागे पडले. पेट्रोलला पैसे नसलेल्या शेतकऱ्यांनी मोटारीचे इंजिन काढून तिला घोडे जुंपले आणि पंतप्रधान आर. बी. बेनेट यांच्या नावाने त्या वाहनाला ‘बेनेट बग्गी’ म्हटले. या रस्त्यावर पहिल्या मोटारी आल्या आणि काही वर्षांतच त्यांच्यापुढे पुन्हा घोडा आला, हे त्या काळाचे नेमके चित्र आहे.

दुसऱ्या महायुद्धानंतर रस्ता उंचावला, खडी पडली आणि पायऱ्या कापून तो बराच सरळ केला गेला. सस्कॅचेवानपुढची अडचण लोकसंख्येची होती: माणसे मूठभर आणि एकट्या प्रांतिक महामार्गांचीच लांबी आज 26,000 किलोमीटरच्या आसपास. त्यामुळे कमी रहदारीच्या मार्गांवर जाड पाया न घालता मातीवरच डांबरमिश्रित खडीचा पातळ थर अंथरण्याचा तोडगा निघाला. धूळ आणि चिखल थांबवणे हाच त्याचा हेतू होता. जड धान्य रेल्वेने जाणार आणि रस्त्यावर मोटारी व लहान ट्रक धावणार, हे त्यात गृहीत होते. महामार्ग 13 चे कित्येक टप्पे असेच झाले.

हे गृहीत 1995 मध्ये कोसळले. धान्याच्या रेल्वे भाड्याला असलेले ‘क्रो’ नावाच्या सवलतीच्या दराचे जुने सरकारी संरक्षण त्या वर्षी संपले. शाखामार्ग परवडेनासे झाले आणि एकेकाळी प्रांतात तीन हजारांहून अधिक असलेली लाकडी कोठारे झपाट्याने पाडली गेली. त्यांच्या जागी मोजक्या ठिकाणी सिमेंटची प्रचंड टर्मिनल आली. पूर्वी दहा मैल जाणारे धान्य आता शंभर किलोमीटर जाऊ लागले, तेही साठ टनांवर वजनाच्या जोडट्रेलरमधून. आग्नेयेकडे स्टोटन-वेबर्न परिसरात तेल व्यवसायाच्या टँकरांची भर पडली. पातळ थर वसंतात बर्फ वितळताना आधीच मऊ पडतो. या वजनाखाली तो फुटला नसता तरच नवल. प्रांताने असे काही रस्ते नव्याने मजबूत बांधले, तर काहींवरचे डांबर उखडून ते पुन्हा खडीचे केले. रस्ता डांबरीवरून खडीवर आणणे हा कंजूषपणा वाटतो, पण खडी ग्रेडर या सपाटीकरणाच्या यंत्राने सारखी करता येते, फुटलेला पापुद्रा नाही.

रुळांचे मात्र पुरते मरण झाले नाही. शॉनाव्हनच्या बाजूचा मार्ग 2000 मध्ये ग्रेट वेस्टर्न रेल्वे या छोट्या कंपनीकडे गेला आणि 2004 मध्ये परिसरातील शेतकरी व ग्रामसंस्थांनी ती विकत घेतली. तिच्या गाड्या आजही धान्य वाहतात. ओगेमाजवळच्या तुकड्यावर 2012 पासून पर्यटकांसाठी गाडी धावते. जिथे एकही सोय उरली नाही तिथे गावे रिकामी झाली. कॉन्सलच्या पश्चिमेचे गोव्हनलॉक संपले आणि पूर्वेच्या रोबसार्टमध्ये बंद दुकानांच्या लाकडी दर्शनी भिंती रस्त्याकडे तोंड करून उभ्या आहेत. गोव्हनलॉकपासून पूर्वेकडच्या वोकोपपर्यंतच्या टप्प्याला म्हणूनच दुसरेही नाव पडले आहे, ‘घोस्ट टाउन ट्रेल’, आणि दोन नावांतले ते अधिक अचूक आहे.