निरीक्षणात्मक माहितीपट आणि कोल्हापूरचे शिवार : पार्श्वभूमी

निवेदन, मुलाखती आणि पार्श्वसंगीत यांचा आधार न घेता गावातील माणसे, जनावरे, पीकपाणी आणि रान यांच्याकडे संथपणे पाहणाऱ्या माहितीपटाची परंपरा कॅमेऱ्याच्या वजनाशी जितकी जोडलेली आहे, तितकीच दिग्दर्शकाच्या सबुरीशीही. कोल्हापुरात खेड्याचे वास्तव पडद्यावर आले ते मात्र कथापटातून. बाबूराव पेंटर यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीने १९२५ मध्ये काढलेल्या ‘सावकारी पाश’ या मूकपटात कर्जापायी जमीन गमावून शहरातील गिरणीची वाट धरणारा शेतकरी होता, आणि ती भूमिका तरुण व्ही. शांताराम यांनी केली होती. पौराणिक चित्रपटांच्या त्या काळात हे धाडसच म्हटले पाहिजे.

त्याआधी तीन वर्षे रॉबर्ट फ्लाहर्टी यांचा, उत्तर कॅनडातील इन्युइट लोकांच्या जीवनावरचा ‘नानूक ऑफ द नॉर्थ’ हा माहितीपट आला होता. बर्फाच्या घरात पुरेसा उजेड आणि कॅमेऱ्याला जागा मिळेना, म्हणून त्यांनी अर्धेच घर बांधून घेऊन आतील प्रसंग चित्रित केले. केवळ पाहणे तेव्हा यंत्रांनाच झेपत नव्हते. आपल्याकडे १९४८ मध्ये स्थापन झालेल्या फिल्म्स डिव्हिजनचे माहितीपट चित्रपटगृहांत सक्तीने दाखवले जात आणि त्यांतून खेडी देशभर पोहोचली. परंतु त्यांपैकी बहुतेकांत शेतकरी दिसे, बोलत असे तो निवेदक. १९६०च्या सुमारास खांद्यावर पेलणारा १६ मिलिमीटरचा कॅमेरा आणि त्याच्याशी मेळ राखणारा, सहज वाहून नेता येणारा ध्वनिमुद्रक हाती आल्यावर माणसांचे बोलणे जागच्या जागी टिपता येऊ लागले आणि या शैलीला खरा आकार आला.

या शैलीचे बळ गुऱ्हाळावर चटकन ध्यानात येते. चुलवाणावर, म्हणजे मोठ्या चुलीवर, उसाच्या रसाची काहील (पसरट कढई) रटरटत असते, भेंडीच्या चिकट रसाने वर आलेली मळी काढली जाते आणि गुळव्या, म्हणजे गूळ करणारा कारागीर, पाकाचा थेंब थंड पाण्यात टाकून त्याची गोळी बोटांनी चाचपतो. काहील कधी उतरवायची, हे त्या बोटांना कळते. निवेदक हे एका वाक्यात उरकील. थांबलेला कॅमेरा मात्र गुळव्याचा चेहरा, चिपाडे सारणाऱ्याची लगबग आणि त्या दोघांमधील अबोल समजूतही दाखवतो. माझ्या मते ग्रामजीवनाचे ज्ञान अशाच, शब्दांत न मांडल्या जाणाऱ्या कौशल्यात साठलेले असते.

कोल्हापूरच्या पश्चिम भागात निसर्ग शेतीपासून वेगळा काढताच येत नाही. दाजीपूरचे जंगल १९५८ मध्ये गव्यांसाठी अभयारण्य झाले. तेच गवे पिकांत उतरतात आणि शेतकऱ्याला रात्र जागून राखण करावी लागते. गव्याचे देखणेपण आणि तुडवलेले पीक या दोन्ही गोष्टी एकाच चित्रपटात आल्या पाहिजेत, नाहीतर ते चित्रण अर्धवट राहते. त्यासाठी लागणारा काळ पीकच ठरवते : पावसाळ्यात लावलेला आडसाली ऊस तोडणीला यायला सोळा ते अठरा महिने लागतात. तेवढ्या मुदतीत घरातील माणसांना कॅमेऱ्याची सवय होते, आणि काय दाखवू नये हे सांगण्याइतका विश्वासही त्यांना वाटू लागतो.