पात्राला ऐकू येतं ते संगीत आणि फक्त आपल्याला ऐकू येतं ते

'हेन्री द फिफ्थ' (1989) मध्ये लढाई संपते आणि एक सैनिक एकटाच 'नॉन नोबिस डॉमिने' हे लॅटिन स्तोत्र गाऊ लागतो. साथीला एकही वाद्य नाही. मग बाकीचे सैनिक सूर मिसळतात. मेलेल्या पोराला खांद्यावर टाकून राजा चिखलातून चालत राहतो आणि मागून अख्खा ऑर्केस्ट्रा भरून येतो. गाणं सैनिकांना ऐकू येतंय, ऑर्केस्ट्रा नाही. पहिलं सोर्स म्युझिक, दुसरा स्कोअर, म्हणजेच पार्श्वसंगीत. सांधा कुठे आहे ते मात्र दाखवता येत नाही.

तो गाणारा सैनिक म्हणजे संगीतकार पॅट्रिक डॉयल स्वतः. सिनेमाला संगीत देण्याचं हे त्याचं पहिलंच काम. 'नॉन नोबिस' गाऊ द्या, हा राजाचा हुकूम शेक्सपिअरच्या संहितेतच आहे. चाल मात्र तिथे नाही. अभिजात साहित्यावरच्या सिनेमात हे नेहमीचंच: लेखक गाण्याची जागा सोडून जातो, कधी शब्दही देतो, सूर संगीतकाराने आणायचे.

दोन्ही प्रकारांची गल्लत होते, कारण चाल बऱ्याचदा एकच असते. कामाचा क्रम मात्र उलटा. सोर्सची चाल शूटिंगच्या आधी तयार लागते. आपल्याकडच्या प्लेबॅकसारखंच. स्कोअर लिहायचा तो एडिट पक्कं झाल्यावर, फ्रेम मोजून. सेकंदाला 24 फ्रेम धरल्या तर मिनिटाला 72 मात्रांच्या लयीत एक मात्रा 20 फ्रेमची होते. आयत्या वेळी एडिटरने दोन सेकंद कापले तर 48 फ्रेम, म्हणजे 2.4 मात्रा जातात. स्कोअरमध्ये लय थोडी ओढून किंवा एखादा स्वर लांबवून हे निभावतं. सोर्समध्ये निभावत नाही: पियानोवरची बोटं एका पट्टीवर आणि आवाज दुसऱ्याच सुराचा, हे कोणालाही दिसतं.

'सेन्स अँड सेन्सिबिलिटी' (1995) मध्ये मॅरिअ‍ॅन पियानोवर बसून 'वीप यू नो मोअर सॅड फाउंटन्स' गाते. कवी अज्ञात, शब्द जॉन डाउलंडच्या 1603 च्या गीतसंग्रहातले, पण चाल डॉयलची नवी. आवाज केट विन्स्लेटचा स्वतःचा. इथे चाल फार सुंदर करून भागत नाही. घरात शिकलेल्या मुलीला पेलेल इतकीच तिची पट्टी हवी, साथ साधी हवी. नाहीतर दिवाणखान्यात अचानक मैफल उभी राहते. कर्नल ब्रँडन तिचा आवाज आधी दाराबाहेरून ऐकतो. अशा जागी मिक्सिंगमध्ये बाहेरचा आवाज बोथट करावा लागतो, वरच्या पट्टीतली धार काढून. दारात आल्यावर तोच मोकळा होतो. स्कोअरला अशी भिंत आड येत नाही. त्याची अडचण वेगळी: संवाद. शेक्सपिअरच्या ओळींना स्वतःची लय असते, त्यात खाली ठळक चाल वाजली की शब्द बुडतात. म्हणून 'हेन्री'तल्या सेंट क्रिस्पिनच्या भाषणाखाली संगीत दबकत येतं आणि राजाचा आवाज चढेल तसं चढतं.

गळा ऐकू आला म्हणजे सोर्स, हा ठोकताळा चुकीचा. 'हॅम्लेट' (1996) च्या शेवटी ऑपेरा गायक प्लासिडो डोमिंगो 'इन पाचे' गातो. पडद्यावर त्याला कोणीच ऐकत नाही, म्हणून तो स्कोअरच. आणि फक्त वाद्य आहे म्हणजे स्कोअर, हेही खोटं. मॅरिअ‍ॅनने वाजवलेला वडिलांचा आवडता तुकडा घ्या, तो ऐकून तिच्या बहिणीचे, एलिनॉरचे, डोळे भरतात.

'मच अडू अबाउट नथिंग' (1993) मध्ये तर डॉयल नाटकातला गवई बल्थाझार होऊन 'साय नो मोअर, लेडीज' कॅमेऱ्यासमोर गातो. सुरुवातीला हेच शब्द नायिका बीअ‍ॅट्रिस नुसते वाचून दाखवते. शेवटी सगळे नाचत बागेत पांगतात तेव्हा त्याच चालीवर कोरस आणि ऑर्केस्ट्रा दोन्ही असतात. नाचणाऱ्यांची तोंडं हलतायत, व्हायोलिनवाले कुठेच नाहीत.