स्क्रिप्ट गर्लची वही ते प्रोड्यूसरची खुर्ची: काटिंका फारागो

स्वीडिश दिग्दर्शक इंगमार बर्गमनचा विषय निघाला की आपण सगळे लगेच 'सेव्हन्थ सील'मधलं मृत्यूशी बुद्धिबळ, अभिनेत्री लिव्ह उलमनचा चेहरा आणि कॅमेरामन स्वेन निक्विस्टचा उजेड यावर सुरू होतो, पण ते शूटिंग रोजच्या रोज वेळेत नि पैशात कोण बसवत होतं हे कोणी विचारत नाही. त्यातलं एक मोठं नाव म्हणजे काटिंका फारागो.

जन्म १९३६ चा, व्हिएन्नाचा, वडील हंगेरियन लेखक. १९४० मध्ये, म्हणजे ऐन युद्धात, घर स्वीडनला आलं. बर्गमनचा 'ड्रीम्स' १९५५ ला आला, त्यात ही स्क्रिप्ट गर्ल होती आणि तेव्हा विशीसुद्धा गाठली नव्हती. नंतर 'सेव्हन्थ सील', 'वाइल्ड स्ट्रॉबेरीज'... जवळपास तीस वर्षं त्याच्यासोबत.

स्क्रिप्ट गर्ल म्हणजे नुसती कंटिन्यूइटी, म्हणजे एका शॉटमधलं दुसऱ्यात जुळतंय का ते बघणं, एवढंच नाही हां. सीन उलटसुलट क्रमाने शूट होतात, त्यामुळे कप कुठल्या हातात होता, सिगरेट किती जळली होती हे तर लिहायचंच, पण कुठला टेक किती सेकंदांचा, कुठला ठेवायचा, दिवसभरात किती काम उरकलं हेही त्याच वहीत. हेच कागद एडिटिंगला जातात आणि प्रॉडक्शनलाही. म्हणजे वेळ नि पैसा कुठे गळतो हे या बाईला रोज दिसत होतं, माझ्या मते तिचं खरं ट्रेनिंग तेच.

तिकडे स्वीडनमध्ये पैशाचं गणितही बदलत होतं. टीव्हीने थिएटरं रिकामी करायला सुरुवात केली होती, मग १९६३ ला तिकिटावरचा २५ टक्के करमणूक कर काढला आणि त्याऐवजी १० टक्के नव्या फिल्म इन्स्टिट्यूटला जायला लागले, त्यातून सिनेमे उभे राहायला लागले.

पुढे १९७६ मध्ये टॅक्सच्या प्रकरणात पोलिसांनी बर्गमनला थेट नाटकाच्या तालमीतून उचललं. आरोप टिकले नाहीत, पण माणूस देश सोडून म्युनिकला गेला. त्यामुळे 'ऑटम सोनाटा'चं शूटिंग नॉर्वेत झालं आणि त्यात काटिंका प्रॉडक्शन मॅनेजर, म्हणजे शूटिंगचा रोजचा खर्च नि व्यवस्था बघणारी. मग 'फॅनी अँड अलेक्झांडर', टीव्हीसाठी पाच तासांहून मोठा, थिएटरसाठी तीन तासांचा, स्वीडनमधला तोवरचा सगळ्यात महागडा सिनेमा. तिथेही हीच, आणि १९८४ ला चार ऑस्कर.

पण खरी परीक्षा तारकोव्हस्कीच्या 'सॅक्रिफाइस'ची. गोटलंड बेट, दिग्दर्शक रशियन, मधे दुभाषी, आणि शेवटी अख्खं घर जाळायचा एकच लांबलचक शॉट. घर पेटलं आणि कॅमेरा अडकला! जळालेल्या घराला रीटेक कुठून आणणार? तर घर पुन्हा बांधलं आणि पुन्हा जाळलं. पडद्यावर आपण बघतो ते हे दुसरं घर. प्रॉडक्शन मॅनेजर अर्थातच काटिंका, त्या दिवशी तिच्या डोक्यात काय आकडे फिरत असतील देव जाणे. १९८६ ला फ्रान्समधल्या कान फिल्म फेस्टिव्हलमध्ये सिनेमाला ग्रां प्री हे मोठं बक्षीस मिळालं.

१९९२ मध्ये 'संडेज चिल्ड्रन' आला. लिहिला इंगमार बर्गमनने, दिग्दर्शक त्याचा मुलगा डॅनियल, आणि प्रोड्यूसर म्हणून नाव काटिंका फारागोचं.